कोर्टाची पायरी

आमचे आजोबा दोन गोष्टी नेमाने सांगत. नरकचतुर्दशीला सूर्य उगवायच्या आत अंघोळ झालीच पाहिजे ही एक, आणि शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये ही दुसरी. दुसऱ्या गोष्टीला त्यांच्याजवळ पुरावा होता. कोकणातल्या आमच्या बांधाचा एक तंटा दोन पिढ्या चालला. निकाल आमच्या बाजूने लागला खरा, पण तोवर ज्या फणसावरून भांडण पेटले तो फणसच वाळून गेला होता. आजोबा मुंबईला आले, मुलुंडला चाळीत राहिले आणि पुन्हा म्हणून कोर्टाच्या वाटेला गेले नाहीत.

मी त्यांची नात. दहावी झालेली, आजोबा शेवटपर्यंत 'आमची नात मॅट्रिक आहे' असेच सांगत. बालवाडीत मुलांना शिकवते आणि रात्री सर्वांची जेवणे आटोपली की कादंबऱ्या लिहिते. कायद्याचा आणि माझा तसा काही संबंध नाही. पण आमच्या या उपनगरांत, बोरिवलीपासून मुलुंडपर्यंतच्या डोंगराकडच्या वस्त्यांत, 'जनहित याचिका' हा शब्द पाव आणि रॉकेल या शब्दांइतका ओळखीचा झाला आहे. तो आला कोठून, त्याने काय केले आणि त्याच्याने काय होऊ शकले नाही, याची हकीगत यंदाच्या दिवाळीला सांगावी असे मनात आले. त्या हकीगतीत माझीही एक चूक आहे. तीही सांगणार आहे.

जुना नियम साधा होता. ज्याच्या पायात काटा मोडला त्यानेच ओरडावे. शेजाऱ्याने त्याच्यासाठी ओरडायचे नाही. कोर्ट पहिला प्रश्न विचारी, 'तुमचे यात काय गेले?' काही गेले नसेल तर दार बंद. ज्याचे सारेच गेले आहे त्याच्याजवळ वकिलाला द्यायला पैसे नसतात, हे त्या नियमाला ठाऊक नव्हते.

या दाराला पहिली फट पडली ती आपल्या मुंबईतच, आणि तीही बोनसच्या भांडणात. दिवाळी जवळ आली की घरोघर आठवणारा हा शब्द! नागदेवी भागातील लोखंडी सामानाच्या दुकानांतून काम करणाऱ्या माणसांना मालक बोनस देत आले होते. तो बंद झाला. दुकाने लहान लहान, नोकर विखुरलेले. त्यांच्या वतीने मुंबई कामगार सभा भांडली आणि प्रकरण सुप्रीम कोर्टापर्यंत गेले. तंटा कामगारांचा, मग युनियनचे नाव कागदावर कसे, असा आक्षेप निघाला. १९७६ साली न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी तो बाजूला सारला. गरीब माणसांच्या देशात दार ठोठावण्याच्या रीतीवरून माणसाला परत पाठवू नये, असा त्यांच्या म्हणण्याचा मथितार्थ. पुढे १९७९ साली बिहारच्या तुरुंगांत खटल्याची वाट पाहात वर्षानुवर्षे खितपत पडलेल्या कैद्यांची बातमी वर्तमानपत्रात आली. ती घेऊन कपिला हिंगोराणी नावाच्या वकीलबाई सुप्रीम कोर्टात उभ्या राहिल्या आणि हजारो कैदी सुटले. १९८१ च्या डिसेंबरात न्यायमूर्ती भगवती यांनी तर स्पष्टच लिहिले की, ज्यांना गरिबीमुळे किंवा दुबळेपणामुळे कोर्टात येता येत नाही त्यांच्यासाठी कोणीही सद्हेतूने यावे. साधे पत्र लिहिले तरी चालेल.

पत्र लिहिले तरी चालेल! बांधासाठी दोन पिढ्या घालवलेल्या माझ्या आजोबांना हे कोणी सांगितले असते तर त्यांनी त्याला वेड्यातच काढले असते. पण ते खरे झाले. मुंबईच्या पोलीस कोठड्यांतून बायकांना मारहाण होते, असे पत्र शीला बारसे या पत्रकार बाईंनी सुप्रीम कोर्टाला लिहिले. कोर्टाने निर्मला निकेतनच्या समाजकार्य महाविद्यालयाच्या संचालिकांना कोठड्या पाहायला पाठवले आणि १९८३ साली हुकूम केला की, बायकांची कोठडी वेगळी असावी आणि तिच्यावर पहारा बायकांचाच असावा. एका पत्राने एवढे झाले. या काळाचा ज्यांना अभिमान वाटतो त्यांच्यात मी आहे, हे आधीच सांगून टाकते. कारण पुढे जे सांगायचे आहे ते जरा कडू आहे.

१३ जुलै १९८१ रोजी त्या वेळचे मुख्यमंत्री बॅरिस्टर अंतुले यांनी जाहीर केले की, मुंबईच्या फुटपाथवर राहणाऱ्यांना हलवून त्यांच्या त्यांच्या गावी पाठवून द्यायचे. भर पावसाळा. झोपड्या मोडल्या, माणसे बसगाड्यांत भरली. ऑल्गा टेलिस या पत्रकार बाई कोर्टात गेल्या. फुटपाथवरची माणसेही गेली. पश्चिम द्रुतगती महामार्गालगतच्या कामराज नगरातले रहिवासीही गेले. पाच न्यायमूर्तींपुढे सुनावणी झाली. सरन्यायाधीश होते पुण्याचे यशवंतराव चंद्रचूड. १० जुलै १९८५ रोजी निकाल लागला. घटनेच्या एकविसाव्या कलमात जगण्याचा हक्क आहे, आणि पोट भरण्याचे साधन काढून घेतले तर जगणेच काढून घेतल्यासारखे होते, असे त्या निकालाने सांगितले. जगभरच्या कायद्याच्या पुस्तकांतून हे वाक्य आजही सांगितले जाते.

आणि फुटपाथवरच्या माणसांना काय मिळाले? पावसाळा मिळाला. ३१ ऑक्टोबर १९८५ पर्यंत त्यांना हलवू नये, त्यानंतर रीतसर हलवायला हरकत नाही, असा हुकूम झाला. १९७६ च्या गणतीची ओळखपत्रे असतील त्यांना दुसरी जागा द्यावी, वीस वर्षे जुन्या सुधारलेल्या वस्त्या गरजेवाचून मोडू नयेत, एवढी मायाही त्यात होती. म्हणजे तत्त्व पुस्तकात राहिले आणि माणूस दिवाळीच्या तोंडावर रस्त्यावर आला. मी कोर्टाला दोष देत नाही. कोर्टाच्या हातात न्याय असतो, घरे नसतात. घरे सरकारच्या हातात असतात, आणि ती बांध म्हणून सांगता येते, पण बांधेपर्यंत शेजारी उभे राहता येत नाही. जनहित याचिकेची पहिली मर्यादा मला येथे दिसते.

दुसरी मर्यादा मी डोळ्यांनी पाहिली.

बोरिवलीचे राष्ट्रीय उद्यान तुम्ही सहलीच्या निमित्ताने पाहिले असेल. कान्हेरीची लेणी, छोटी आगगाडी, शनिवार-रविवारी डबे घेऊन आलेली कुटुंबे. शंभर चौरस किलोमीटरांहून थोडे अधिक जंगल, आणि त्याच्या कुशीत मुंबईला पाणी देणारी विहार आणि तुळशी ही तलावे. शहराच्या पोटात एवढे जंगल जगात फार थोड्या ठिकाणी आहे. पण या जंगलाला चारही बाजूंनी शहर टेकलेले. दहिसरचा केतकीपाडा, कांदिवलीचे दामू नगर, मालाडचा आप्पापाडा, भांडुपचा खिंडीपाडा, आमच्या मुलुंडचे अमर नगर. जागा परवडत नाही असा माणूस डोंगर चढत जातो. त्याच्याही आधीपासून जंगलात वारल्यांचे पाडे होतेच.

१९९५ साली 'बॉम्बे एन्व्हायर्नमेंटल ॲक्शन ग्रुप' या संस्थेने मुंबई हायकोर्टात याचिका केली की, जंगल वाचवा. हेतू शुद्ध होता. झाडांना आणि बिबट्यांना कोर्टात येता येत नाही. त्यांच्या वतीने कोणी तरी बोललेच पाहिजे. पण त्या खटल्याचा मथळा मी नंतर वाचला. एका बाजूला संस्था, दुसऱ्या बाजूला वनखात्याचे अधिकारी आणि सरकार. ज्यांची घरे जायची होती त्या लाखो माणसांचे नाव मथळ्यात कोठेच नव्हते. दाराबाहेर राहिलेल्या माणसांसाठी जी वाट काढली, तिच्यावरून चालताना तीच माणसे पुन्हा दाराबाहेर राहिली.

७ मे १९९७ रोजी हायकोर्टाचा हुकूम झाला. जंगलातली अतिक्रमणे हटवा. १ जानेवारी १९९५ पूर्वीच्या मतदार यादीत ज्यांचे नाव असेल त्यांना उद्यानाबाहेर दुसरीकडे वसवा, बाकीच्यांना काढा. जागेसाठी पात्र कुटुंबाने ७ हजार रुपये भरायचे, आणि जागा मिळणार होती कल्याणच्या बाजूला. मुलुंडमध्ये चार घरची धुणीभांडी करणाऱ्या बाईने कल्याणहून पहाटे कितीला निघायचे, हा हिशेब त्या कागदात कोठून असणार?

त्याच वर्षी मी दहावी झाले आणि डोंगराखालच्या एका बालवाडीत मदतनीस म्हणून लागले. सोळा वर्षांची पोर, पण साक्षर. हुकूम होताच वस्तीत एकच धावपळ उडाली, ती मतदार यादीची. कोणी तरी यादीच्या झेरॉक्स प्रती आणल्या. बाया मुलांना सोडायला येत आणि पदराआडून रेशनकार्ड काढून म्हणत, 'बाई, आमचं नाव बघा ना.' मला कोणी बाई म्हणण्याची ती पहिलीच वेळ. अंगावर मूठभर मांस चढले होते माझ्या. बालवाडी सुटली की मी पायरीवर बसे, बोटाने एकेक ओळ खाली जाई आणि 'आहे' किंवा 'नाही' असे सांगे.

एका बाईला मी 'नाही' म्हणाले. तिच्या नवऱ्याचे नाव मी दोनदा पाहिले, सापडले नाही. ती म्हणाली, 'परत एकदा बघता का?' मागे सात-आठ जणी उभ्या होत्या. ऊन चढले होते. मी म्हटले, 'दोनदा बघितलं ना, नाही.' ती गेली. तिची चार वर्षांची मुलगी आमच्याकडे होती. डाव्या हाताने पाटीवर गिरवायची. यादीत नाव नाही म्हटल्यावर त्या कुटुंबाने सात हजारांची जुळवाजुळव केली नाही, कोणाकडे दाद मागितली नाही. मशीन यायच्या आतच आपले पत्रे आपणच काढले आणि नालासोपाऱ्याच्या बाजूला कोठे तरी निघून गेले.

पुढे दोनेक महिन्यांनी त्याच प्रतींत दुसऱ्याच कोणाचे नाव शोधताना ते माझ्या बोटाखाली आले. आडनाव आधी आणि नाव मागे, असे उलटे छापले गेले होते. वय तेच, बायकोचे नाव तेच. मी यादी मिटली. कोणाला सांगितले नाही. सांगून तरी निरोप कोठे पाठवणार होते?

वाचकहो, इतक्या वर्षांत मी या गोष्टीची कादंबरी केली नाही, कारण तिला शेवट नाही. पण इतिहास म्हणून ती सांगितली पाहिजे असे वाटते. देशातल्या थोर वकिलांनी वाद घातले, न्यायमूर्तींनी पानेच्या पाने लिहिली, आणि अखेरीस ते सगळे येऊन थांबले एका सोळा वर्षांच्या मुलीच्या बोटाशी. ती बाई स्वतः त्या खटल्यात असती, तिचे नाव कागदावर असते, तर 'परत एकदा बघता का' हे तिने कोर्टाला विचारले असते आणि कोर्टाला ते पाहावे लागले असते. मला मात्र ते पाहावे लागले नाही.

त्यानंतरच्या दोन-तीन वर्षांत हजारो झोपड्या पाडल्या गेल्या. वीज गेली, पाणी गेले. कल्याणचा बेत तडीस गेला नाही. वस्त्यांच्या बाजूने निवारा हक्क सुरक्षा समिती उभी राहिली, वास्तुशिल्पी पी. के. दास आणि अभिनेत्री शबाना आझमी त्यांत होत्या, आणि पुष्कळ खटपटीनंतर अंधेरी पूर्वेला चांदिवलीच्या जुन्या खाणींच्या जागी वसाहत झाली. तिचे नावच संघर्ष नगर. अकरा हजारांवर कुटुंबांना तेथे घरे मिळाली. जवळजवळ तितकीच कुटुंबे पैसे भरूनही राहिली. पहिल्या हुकुमाला पाव शतकाहून अधिक काळ लोटला, तरी उद्यानाच्या अतिक्रमणांचा प्रश्न हायकोर्टापुढे अजून आहेच. जंगल पुष्कळसे वाचले, हेही खरे. आमच्या खिडकीतून पावसाळ्यात जो हिरवा डोंगर दिसतो तो त्या याचिकेमुळे दिसतो, आणि तो पाहताना मला आनंद होतो, हे मी लपवणार नाही. पण त्या हिरव्यात ते पाटीवरचे डावे अक्षर मला दिसते, तेही लपवता येत नाही.

आता नोकरीची गोष्ट. येथे कायद्याने अगदी उलटी वाट धरली आहे. एखाद्याच्या सरकारी नोकरीवरून, नेमणुकीवरून, बढतीवरून तंटा असेल तर तिऱ्हाइताला त्यात जनहित याचिका करता येत नाही. १९९८ साली ओरिसाच्या एका प्रकरणात, दुर्योधन साहू यांच्या खटल्यात, सुप्रीम कोर्टाने हे ठरवून टाकले. ज्याचे नुकसान झाले त्याने स्वतः यावे. परक्यांसाठी दार उघडले तर ज्यांच्यासाठी ही न्यायाधिकरणे काढली त्या नोकरांचेच खटले मागे पडतील, असे कोर्टाचे म्हणणे. पुढच्या निकालांतून ते वारंवार पक्के झाले. मला आधी हे निष्ठुर वाटले. फुटपाथवरच्या माणसासाठी कोणीही यावे, मग झाडूवाल्यासाठी का नको?

त्याचे उत्तर मला आमच्या मुलुंडच्या कचऱ्याने दिले. आमच्याकडे पूर्वेला कचऱ्याचे डेपो होते. १९६७ पासून पन्नास वर्षे त्याचा वास मुलुंडकरांनी सोसला आणि २०१८ साली ते बंद झाले. त्या वासाबद्दल सगळे बोलत, पण तो कचरा डंपरमध्ये भरणाऱ्या माणसांबद्दल क्वचितच. ते पालिकेचे काम करीत, पण पालिकेचे नोकर नव्हते. कंत्राटदाराची माणसे, आणि कागदावर काही वेळा तर संस्थांचे 'स्वयंसेवक'. कचरा वाहतूक श्रमिक संघाने त्यांची बाजू घेतली. पण घेतली ती जनहित याचिका करून नव्हे. कोण माणूस, कोणत्या चौकीवर, किती दिवस, याचा हिशेब घेऊन संघ औद्योगिक न्यायाधिकरणापुढे गेला. २०१४ साली तेथे निकाल लागला, आणि ७ एप्रिल २०१७ रोजी सुप्रीम कोर्टात तो टिकला. २७०० कामगार कायम करा, असा हुकूम झाला.

यातली मेख अशी. २००६ साली उमादेवी यांच्या खटल्यात सुप्रीम कोर्टाने सांगितले होते की, हंगामी माणसांना कोर्टाने आपल्या अधिकारात सरसकट कायम करू नये. सरकारी नोकरी सर्वांसाठी खुल्या भरतीनेच मिळावी. पुष्कळांचे धाबे दणाणले. पण २००९ साली आपल्या एसटीच्या गाड्या धुणाऱ्या स्वच्छकांच्या खटल्यात त्याच कोर्टाने खुलासा केला की, महाराष्ट्राच्या १९७१ च्या कामगार कायद्याखाली औद्योगिक न्यायालयाला जे अधिकार आहेत ते उमादेवीच्या निकालाने गेलेले नाहीत. म्हणजे मोठ्या कोर्टाच्या मोठ्या दारातून जे मिळत नाही ते कधी कधी लहान कोर्टाच्या लहान दारातून मिळते. फक्त त्या दारातून आपले नाव आणि आपला पुरावा घेऊन जावे लागते.

आणि आम्हा बालवाडी-अंगणवाडीच्या बायकांचे? २००१ साली अन्नाच्या हक्काची जनहित याचिका झाली. तिच्यामुळे देशभर शाळांतून शिजवलेले जेवण मिळू लागले. देशात चौदा लाख अंगणवाड्या उघडा, असा हुकूम सुप्रीम कोर्टाने २००६ च्या डिसेंबरात केला. आणि मौज पाहा, त्याच कोर्टाने त्याच डिसेंबरात कर्नाटकच्या एका खटल्यात सांगितले की, अंगणवाडी सेविका या काही सरकारी पद धारण करीत नाहीत. मुलाच्या ताटात खिचडी पडावी यासाठी जनहित याचिका झाली; खिचडी वाढणारीच्या ताटाचा विचार तिच्यात नव्हता. तो विचार व्हायला २०२२ चा एप्रिल उजाडला. गुजरातच्या सेविका स्वतः भांडत भांडत वरपर्यंत गेल्या, आणि ज्यांनी आपली वकिली ठाण्याच्या कोर्टात सुरू केली त्या न्यायमूर्ती अभय ओक यांनी आणि त्यांच्या सहकारी न्यायमूर्तींनी त्यांना ग्रॅच्युइटीचा हक्क दिला.

मागल्या वर्षी आमच्या संस्थेने, तिचे नाव येथे सांगत नाही, आम्हा सहा जणींचे मानधन सात महिने थकवले. चाळीतले एक काका, निवृत्त, तळमळीचे, म्हणाले, "तुम्ही कशाला त्रास घेता? मी तुमच्यासाठी जनहित याचिका करतो." आम्हांला हायसे वाटले. आमचे नाव येणार नाही, कामही जाणार नाही. काका आम्हांला एका वकीलबाईंकडे घेऊन गेले. त्यांनी सगळे ऐकून घेतले आणि हसून म्हणाल्या, "काका, तुमचं मानधन थकलंय का? नाही ना? मग तुम्ही घरी जाऊन चहा घ्या. या सहा जणींनी सह्या करायच्या."

त्या संध्याकाळी कागद टेबलावर होता आणि पेन हातोहात फिरत होते. कामावरून काढले तर घराचे हप्ते कसे भरायचे, हे प्रत्येकीच्या तोंडावर लिहिलेले होते. दोघींनी सही केली नाही. मी त्यांना नावे ठेवणार नाही. माझ्याकडे पेन आले तेव्हा मला आजोबा आठवले आणि त्यांच्या मागोमाग ती बाई आठवली. मी नाव आधी आणि आडनाव मागे, असे नीट, सुवाच्य अक्षरांत लिहिले.

आमचा अर्ज कामगार कोर्टात चालू आहे. दोन तारखा झाल्या. यंदा चकल्या थोड्या कमी होतील, एवढेच.

आजोबांचे म्हणणे मी खोटे ठरवीत नाही. कोर्टाची पायरी उंच आहे. ज्याला उभेच राहता येत नाही त्याला दुसऱ्याने उचलून वर नेले तर ते पुण्याचेच काम. तुरुंगातल्या कैद्याला, कोठडीतल्या बाईला, उपाशी मुलाला तसे नेलेच पाहिजे. पण उचलणाऱ्याने वर गेल्यावर एकदा वळून विचारावे, 'तुझे नाव काय? नीट सांग, मी परत एकदा बघतो.' आणि ज्याला आपल्या पायांनी चढता येते त्याने, भीती वाटली तरी, आपल्याच पायांनी चढावे.

आमच्या बालवाडीत आता नवीन मूल आले की मी हजेरीपटावर त्याचे नाव लिहिते आणि आईला मोठ्याने वाचून दाखवते. मग विचारते, "बरोबर आहे ना?" बाया हसतात. म्हणतात, "बाई, तुम्ही दोन दोनदा विचारता." मी म्हणते, "हो. विचारते."